सावईवेऱ्यातील सोपा : झिजलेल्या रूपाचे फर्निचर आणि गोव्याचा पावसाळा (प्रकरण अभ्यास)

हे प्रकरण फोंडा तालुक्यातील सावईवेरें गावच्या एका वडिलोपार्जित घराचे आहे. घर चिऱ्यांचे असून छप्पर मंगळुरी कौलांचे आहे. मध्ये राजांगण, पुढे रस्त्याकडे तोंड केलेला सोपा आणि मागच्या दारापासून सुरू होणारे सुपारी-नारळाचे कुळागर, अशी त्याची ठेवण आहे. पणजीत नोकरी करणारे मुलगा आणि सून काही वर्षे भाड्याच्या सदनिकेत राहून घरी परतले. सोपा आणि त्याला लागून असलेली झोपण्याची खोली आपल्या आवडीने सजवावी, त्यासाठी बाजारातून नवे काही न आणता माळ्यावर आणि पडवीत पडून असलेले जुने फर्निचरच वापरावे, आणि त्याला फिकट रंगाचे, कडा झिजलेले, फुलाफुलांच्या कापडांशी जुळणारे रूप द्यावे, असे सुनेच्या मनात होते. या शैलीला शॅबी शिक म्हणतात. सासूबाईंचा विरोध नव्हता, पण अट होती. ‘पेटीला, टेबलाला काय हवं ते करा, कपाटाला मात्र ब्रश लावू नका,’ असे त्यांनी पहिल्याच बोलण्यात सांगितले. या एका वाक्यात पुढच्या बऱ्याचशा कामाची दिशा होती, हे घरातल्यांच्या उशिरा लक्षात आले.

मला सल्ल्यासाठी बोलावले गेले ते पहिला प्रयत्न फसल्यानंतर. आरशाचे एक सागवानी टेबल उन्हाळ्याच्या अखेरीस एका कार्यशाळेत देऊन रंगवून आणले होते. पांढऱ्या चॉक पेंटचे दोन हात, कोपऱ्यांवर सँडपेपर आणि वरून मेण, असे ते काम होते. आले तेव्हा टेबल अत्यंत देखणे दिसत होते. जुलै संपेपर्यंत त्याच्या वरच्या फळीवर चहा सांडल्यासारखे पिवळट तपकिरी डाग उमटले, भिंतीकडच्या बाजूवर करड्या बुरशीचे ठिपके आले, खण फुगून अडकले आणि हात ठेवला की पृष्ठभाग किंचित चिकट लागू लागला. सुनेचा निष्कर्ष असा होता की रंग हलका वापरला गेला असावा आणि त्यावर आणखी एक हात दिला की काम भागेल. तो हात दिला असता, तर पुढच्या पावसात तेच डाग पुन्हा वर आले असते.

शैली कुठली, लाकूड कुठले

येथे शैलीच्या इतिहासाकडे थोडे वळावे लागेल, कारण बिघाडाचे मूळ तेथेच आहे. डिझायनर रेचेल ॲशवेल यांनी १९८९ मध्ये कॅलिफोर्नियातील सांता मोनिका येथे ‘शॅबी शिक’ याच नावाचे दुकान उघडले आणि जुन्या बाजारातून आणलेले, पांढऱ्या रंगाचे पोपडे निघालेले फर्निचर, धुऊन मऊ झालेली कापडे आणि गुलाबांचे छाप यांना एक ओळख मिळाली. या रुचीची मुळे त्याहून जुनी आहेत. स्वीडनमध्ये तिसऱ्या गुस्ताव राजाच्या काळात, म्हणजे अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात, फ्रेंच घाटाचे फर्निचर फिकट राखाडी आणि पांढऱ्या रंगांत रंगवले जाई, आणि ते पुष्कळदा पाइनसारख्या साध्या, मऊ लाकडाचे असे. जे लाकूड दाखवण्याजोगे नाही ते रंगाने झाकावे, हा त्यामागचा व्यवहार होता. आज सर्वत्र वापरला जाणारा चॉक पेंट इंग्लंडमधील रंगतज्ज्ञ ॲनी स्लोन यांनी १९९० मध्ये तयार केला. लाकूड न घासताही तो धरतो, अगदी निस्तेज वाळतो, सच्छिद्र राहतो आणि म्हणून त्यावर मेण चढवतात.

गोव्यातील सुतारकामाची परंपरा वेगळ्या लाकडावर उभी आहे. येथे शिसव, साग आणि फणस ही लाकडे हाताशी होती. चांगल्या घरांतील कपाटे, मेजे आणि खाटा लाखेपासून बनणाऱ्या चपडीच्या पॉलिशने झळाळत असत, आणि रंग लागे तो मुख्यतः खिडक्या-दारांना. शिवाय सांता मोनिकात पाऊस चार महिने मुक्काम करत नाही. गोव्यात वर्षाला सुमारे तीन हजार मिलिमीटर पाऊस पडतो, त्यातला बहुतेक जून ते सप्टेंबर या काळात, आणि कुळागराला टेकलेल्या घरात त्या महिन्यांत हवेतील ओल दिवसरात्र हटत नाही. स्वस्त, मऊ लाकडासाठी आणि सौम्य हवेसाठी जुळवलेली पद्धत तेलकट, रंग सोडणाऱ्या सागावर आणि अशा ओलीत जशीच्या तशी उचलली की सावईवेऱ्यात जे झाले तेच होणार.

टेबलाचे निदान तीन भागांत करता आले. सागाच्या लाकडात नैसर्गिक तेल आणि रंगद्रव्ये असतात. पाण्यावर आधारलेला पांढरा रंग थेट लावला की ही रंगद्रव्ये त्यात विरघळून वर येतात. रंग वाळताना थोडा डाग दिसतो आणि दमट हवेत तो वाढत जातो. वरून कितीही हात दिले तरी तो झिरपतच राहतो. दुसरी गोष्ट मेणाची. मधमाश्यांचे मेण ६२ ते ६४ अंश सेल्सिअसला वितळते, तेवढे तापमान घरात कधीच होत नाही. परंतु उन्हाळ्याच्या उकाड्यात जाड लावलेले मेण मऊ राहते, धूळ धरते, आणि पाऊस सुरू झाला की त्या धुळीवर बुरशी पोसली जाते. तिसरे कारण पूर्णपणे घरचे होते. टेबल चिऱ्याच्या भिंतीला चिकटवून ठेवले होते आणि त्याची मागची बाजू, तळ व खणांची आतली अंगे कोरी सोडली होती. दर्शनी बाजू रंगाने बंद आणि मागची उघडी, अशा फळीत ओल एकाच अंगाने शिरते, फळी वाकते आणि खण अडकतात.

वस्तूंची पाहणी

रंगाचा विचार बाजूला ठेवून आधी सर्व वस्तू राजांगणात उजेडात मांडल्या. सासूबाईंचे शिसवी कपाट त्यात होतेच: दोन दारांचे, एका दारावर आरसा, माथ्यावर कोरीव वेल आणि पॉलिश जागोजागी काळवंडलेले. शिसवाचे झाड सावकाश वाढते, जुन्या प्रतीचे लाकूड आता सहज मिळत नाही, आणि शिसव ज्यात मोडतो त्या डाल्बर्जिया वंशातील सर्व जातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर २०१७ पासून साइटिस या, धोक्यातील प्राणी-वनस्पतींच्या व्यापाराविषयीच्या करारानुसार नियंत्रण आहे. अशा लाकडावर रंग चढवणे म्हणजे ते कायमचे गमावणे होय, कारण शिसवाच्या खोल रंध्रांत शिरलेला पांढरा रंग पुढे कितीही खरवडला तरी पूर्ण निघत नाही. सासूबाईंना ही रंध्रांची गोष्ट ठाऊक नसेल, पण त्यांचा हट्ट रास्त होता. मी त्यांच्या बाजूने ठामपणे उभे राहणे पसंत केले. कपाट फक्त स्पिरिटच्या किंचित ओल्या फडक्याने पुसून, जुन्याच चपडीच्या थरावर नवा हात फिरवून ठेवायचे ठरले. काळवंडलेल्या जागा तशाच राहिल्या. खऱ्या वयाच्या खुणा त्यावर होत्या, आणि बाकीच्यांना जे रूप द्यायचे त्याचा तोही एक नमुना होता.

फणसाच्या लाकडाची मोठी पेटी, फसलेले सागवानी टेबल, लांब हातांची वेताची आरामखुर्ची, जिला गोव्यात व्होल्तेर म्हणतात, प्लायवूडची एक चौकोनी मांडणी, एक लोखंडी खाट आणि पाडलेल्या पडवीतून काढून ठेवलेली शिंपल्याच्या तावदानांची दोन झडपे, एवढ्या वस्तू उरल्या. प्लायवूडची मांडणी थर सुटल्यामुळे बाद केली. आंब्याच्या लाकडाचा एक पाटही निघाला होता. तो उचलला तेव्हा खाली पिठासारखी बारीक भुकटी पडली आणि छिद्रांच्या आतल्या कडा ताज्या, फिकट दिसल्या. म्हणजे किडा जिवंत होता. असा तुकडा इतर लाकडाशेजारी ठेवणेही योग्य नाही, त्यामुळे तो त्याच दिवशी घराबाहेर गेला. पेटीलाही छिद्रे होती, पण ती जुनी, आत काळी पडलेली आणि फक्त कडेच्या फिकट रसकाष्ठापुरती, म्हणजे सालीलगतच्या लाकडापुरती होती. तरीही तिला बोरॅक्स आणि बोरिक ॲसिडचे द्रावण आतून-बाहेरून दोनदा देऊन उन्हात वाळवले. जुने लाकूड वापरात आणणाऱ्या प्रत्येकाने ही पायरी सक्तीची मानावी, असे माझे स्पष्ट मत आहे. रंग किड्याला मारत नाही, तो फक्त छिद्रे झाकतो.

शिंपल्यांच्या झडपांनी मात्र खरी चिंता निर्माण केली. त्यांच्या चौकटींवर हिरव्या तैलरंगाचे अनेक थर होते आणि ते पोपडे धरून सुटत होते. झिजलेल्या रूपाच्या शोधात असलेल्या माणसाला असा पोपडा आयताच मिळालेला ठेवा वाटतो. परंतु जुन्या तैलरंगांत शिशाचे प्रमाण मोठे असू शकते. भारतात घरगुती रंगांतील शिशावर ९० पीपीएमची (दहा लाख भागांत ९० भाग) कायदेशीर मर्यादा १ नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाली. त्याआधीच्या, विशेषतः पन्नास-साठ वर्षांपूर्वीच्या रंगाबद्दल काहीच गृहीत धरता येत नाही. घरात चार वर्षांची नात आहे. लहान मूल बोटे तोंडात घालते, आणि शिसे त्याच्या मेंदूच्या वाढीला थोड्या प्रमाणातही बाधक ठरते. म्हणून कोरडे घासणे पूर्णपणे टाळले. चौकटी ओल्या करून, खाली प्लास्टिक अंथरून, तोंडाला योग्य मुखपट्टी बांधून सैल पोपडे खरवडले आणि तो कचरा बांधून वेगळा ठेवला. उरलेला हिरवा रंग चपडी आणि पारदर्शक लेपाखाली बंद केला आणि झडपे मुलीच्या हाताच्या उंचीवर न लावता खाटेच्या मागच्या भिंतीवर वर बसवली. दुपारी खिडकीतून येणारे ऊन त्या शिंपल्यांवर पडते तेव्हा जी दुधाळ झळाळी दिसते, ती कोणत्याही नव्या काचेला येणार नाही.

झीज कुठे असावी

सुनेने जमवलेल्या चित्रांत प्रत्येक वस्तूचे चारही कोपरे आणि सगळ्या कडा सारख्याच घासलेल्या होत्या. हीच या शैलीतील सर्वांत मोठी उणीव आहे आणि ती पाहणाऱ्याला कारण न कळताही खटकते. वस्तू वापराने झिजते ती जेथे हात, पाय आणि कापड लागते तेथे. फणसाच्या पेटीचे झाकण पाहिले तेव्हा हे सर्वांना एकदम पटले. समोरच्या कडेवर, मध्यापासून उजवीकडे थोडे सरकून, लाकूड तळव्याएवढ्या रुंदीचे गुळगुळीत आणि किंचित खोलगट झाले होते, कारण उजव्या हाताने झाकण उचलणाऱ्या बायकांच्या पिढ्यांनी ते तेथेच धरले होते. कडीच्या खाली, जेथे लोंबती कडी आदळे, तेथे चंद्रकोरीसारखा ओरखडा होता. डावा कोपरा मात्र जवळजवळ कोरा होता. हीच पेटी सर्व कामाचा धडा ठरली. टेबलावर खणांच्या मुठींभोवती, वरच्या फळीच्या पुढच्या कडेवर आणि पाय टेकतात त्या आडव्या पट्टीवर झीज द्यायची. मधल्या सपाट फळ्या, मागचे कोपरे आणि आरशाची वरची चौकट अखंड ठेवायची, असे ठरले.

झिजेखाली काय दिसावे हाही प्रश्न होता. सरसकट उघडे लाकूड दाखवण्याऐवजी घराचाच रंग खाली घ्यावा, असे मी सुचवले. सोप्याच्या भिंतीवर आजच्या पांढऱ्या रंगाखाली निळीच्या चुन्याचा जुना थर होता, तो एका कोपऱ्यात पोपडा निघाल्याने दिसत होता. तो निळा खालच्या थरासाठी घेतला. वरचा पांढराही झगझगीत न घेता शिंपल्यांच्या चुन्यासारखा थोडा मळकट, उबदार निवडला, कारण कुळागराची हिरवी छाया आत येणाऱ्या खोलीत शुभ्र पांढरा आजारी दिसतो. रंगांची ही निवड सर्वांत वेळखाऊ ठरली, आणि तो वेळ सार्थकी लागला.

प्रत्यक्ष काम

दिवाळीनंतर हवा कोरडी झाली तेव्हा काम सुरू केले. भर पावसात चपडी लावली की ओल अडकून तिच्यावर पांढुरका धूसरपणा येतो आणि पाण्यावरचे लेपही नीट पिकत नाहीत. टेबलाचे मेण आधी टर्पेंटाइनने काढले, रंग खरवडला, आणि सागाचा तेलकटपणा स्पिरिटच्या फडक्याने वारंवार पुसला. डाग रोखण्याचा उपाय गावातल्या पॉलिशवाल्याच्या बाटलीतच होता. त्याने चपडीचे पातळ पापुद्रे स्पिरिटमध्ये रात्रभर भिजवले, बाटली न हलवता ठेवली, आणि मेणाचा गढूळ गाळ खाली बसल्यावर वरचा मधासारखा स्वच्छ द्रव अलगद दुसऱ्या बाटलीत ओतून घेतला. मेण निघालेली ही चपडी लाकडातले रंगद्रव्य आत कोंडून ठेवते आणि तिच्यावर पाण्यावरचा रंगही धरतो. गाळासकट लावली असती तर रंगाची पकड ढिली झाली असती. तिचे दोन पातळ हात सर्व अंगांना दिले: तळ, पाठ, खणांच्या बाहेरच्या बाजू, सगळीकडे.

त्यावर निळा रंग आला. तो वाळल्यावर, जेथे झीज हवी तेथेच साध्या मेणबत्तीचा तुकडा घासला. मग पांढऱ्याचे दोन हात देऊन, २२० नंबरच्या सँडपेपरने त्या मेणाच्या जागा हलक्या हाताने घासल्या की पांढरा रंग तेथून पापुद्र्यासारखा सुटतो आणि निळा डोकावतो. घासण्याचे काम सुनेने स्वतः केले. मुठीपाशी किती घासावे हे ठरत नव्हते, तेव्हा सुतारकाम करणाऱ्या मेस्तांनी तिला खण दहा-बारा वेळा उघड-बंद करायला लावला आणि बोटे जेथे टेकली तेथेच कागद फिरवायला सांगितले. याहून चांगली सूचना मला सुचली नसती. मेणबत्तीचे अंश पुसून वरून मेणाऐवजी पाण्यावर आधारलेल्या मॅट पीयूचे, म्हणजे चमक नसलेल्या पॉलियुरेथेन लेपाचे, तीन पातळ हात दिले. मेणाचा मऊ स्पर्श त्यात येत नाही, ही सुनेची तक्रार खरी आहे. पण कुळागराशेजारच्या घरात तेवढी तडजोड स्वीकारावी लागते. जुने लोखंडी खिळे आणि स्क्रू काढून पितळी घातले, कारण खाऱ्या-दमट हवेत लोखंड गंजून पांढऱ्या रंगातून तांबूस ओघळ सोडते.

पेटीला रंग लागलाच नाही. सासूबाईंनी परवानगी दिलेली असूनही, झाकणाची ती खोलगट कड पाहिल्यावर सुनेनेच नकार दिला. व्होल्तेरची लाकडी चौकट रंगवली, वेताला मात्र रंग लावला नाही; वेत वाकतो, रंग वाकत नाही, त्यामुळे रंगवलेला वेत थोड्याच दिवसांत तडकतो. नवा वेत भिजवून ओला असतानाच विणला, म्हणजे वाळताना तो आपोआप ताणला जातो.

कापडांबाबत एक गोष्ट मला मनापासून सांगाविशी वाटते. या शैलीत गुलाबांचे जे छापील कापड अत्यावश्यक मानले जाते, त्याचा उगम युरोपात गेलेल्या भारतीय छिटात आहे; कोरोमंडल किनाऱ्यावरची ही कापडे तेथे इतकी खपली की फ्रान्सने १६८६ मध्ये त्यांच्यावर बंदी घातली. तेव्हा परदेशी गुलाबांचे पडदे मागवण्याची गरज काय? सोप्यात हाताने छापलेल्या सुती छिटाचे पडदे लावले, व्होल्तेरच्या उशीला कुणबी साडीची लाल चौकड घेतली आणि टेबलावर सासूबाईंनी लग्नापूर्वी विणलेली क्रोशाची जाळी अंथरली. लाल चौकड फिकट छिटाच्या शेजारी बसेल का, याबद्दल सून साशंक होती. माझ्या मते त्या चौकडीमुळेच सोपा गोव्यातला वाटतो.

एका पावसाळ्यानंतर

पुढच्या सप्टेंबरअखेर सर्व वस्तू पुन्हा पाहिल्या. टेबलाच्या वरच्या फळीवर डाग नव्हता. भिंतीपासून चार बोटे अंतर ठेवल्याने पाठीवर बुरशी आली नव्हती. तळाशी, पायांच्या टोकांना मात्र थोडी आली, कारण फरशी पुसताना तेथे पाणी साचत राहिले होते. ती व्हिनेगरच्या फडक्याने निघाली आणि पायांखाली पितळी टोप्या बसवल्या. वरचा खण जुलैत अडकत होता. त्याच्या पट्ट्यांवर मेणबत्ती फिरवल्यावर तो सरकू लागला. रंधा लावण्याची मागणी मेस्तांनी नाकारली हे योग्यच झाले, कारण पावसात रंधलेला खण उन्हाळ्यात खुळखुळतो. कपाटाच्या चपडीवर एका दाराला पांढुरके धूसर पट्टे आले होते, ते कोरड्या दिवसांत स्पिरिटच्या किंचित ओल्या बोळ्याने पुसले की जातात.

खर्चाचा विचार केला तर रंग आणि लेप यांवर सर्वांत कमी पैसे गेले. सुतारकाम, वेत आणि पितळी सामान यांचाच मोठा वाटा होता. ज्यांना असे काम स्वस्तात होईल असे वाटते, त्यांनी हा हिशेब आधीच धरावा.

लोखंडी खाटेचे काम अजून बाकी आहे. तिच्यावरचा काळा रंग आणि खालचा गंज काढून गंजरोधक लेप देणे आवश्यक आहे. वरच्या रंगाबद्दल सासू-सुनेत एकमत झालेले नाही. सुनेला निळा हवा आहे आणि सासूबाईंना खाट पूर्वी होती तशी काळीच ठेवायची आहे. लेप दोन्ही रंगांखाली तोच लागणार असल्याने तो या कोरड्या हंगामात देऊन घ्यावा आणि रंगाचा निर्णय त्यांच्यावर सोडावा, असे मी कळवले आहे.